सगळा खेळ पाण्याचा: घरच्या कढईत कुरकुरीत ओनियन रिंग

घरी केलेल्या कांद्याच्या रिंगा कढईतून निघतात तेव्हा खुटखुटीत असतात आणि ताटात पडेपर्यंत मलूल होतात, ही तक्रार घरोघरची आहे. दोष कधी पिठाला दिला जातो, कधी तेलाला, कधी करणाऱ्याच्या हाताला. मूळ कारण मात्र बहुतेक वेळा पाणी असतं. कांद्याच्या वजनात ८५ ते ९० टक्के पाणीच असतं. रिंग तेलात पडली की त्या पाण्याची वाफ होते. वाफेला बाहेर पडायला वाट मिळाली तर कवच कोरडं आणि कडक होतं. वाट अडली तर तीच वाफ कवचात मुरते आणि कवच लोंबायला लागतं. कांदा निवडण्यापासून ताट वाढेपर्यंत प्रत्येक टप्प्यावर पाणी कुठे आहे आणि ते कुठे जाणार, एवढं एक भान ठेवलं की रिंग बिघडत नाही.

हा पदार्थ अमेरिकेतल्या हॉटेलांतून जगभर गेला. १९३३ साली तिथल्या क्रिस्को या वनस्पती तुपाच्या जाहिरातीत त्याची एक कृती छापून आली होती. कांद्याच्या रिंगा दुधात बुडवायच्या, मैद्यात घोळवायच्या आणि तळायच्या, इतकी ती सोपी होती. पुढे त्यात ब्रेडचा चुरा आला, बटरमिल्क आलं, बियर आली, आणि यादी लांबत गेली. वसमत तालुक्यातल्या कुरुंद्यासारख्या गावात राहून रिंगा करायच्या तर ती लांब यादी घेऊन वसमत-नांदेडची दुकानं पालथी घालायची मुळीच गरज नाही. ज्वारीचं पीठ घरात असतं, ताक असतं, किराणा दुकानात टोस्टचा पुडा मिळतो, तांदळाचं पीठ गिरणीतून येतं. एवढ्यात उत्तम रिंग होते.

भजी आणि रिंग यांतला फरक

कांदा-भज्यांचा हात बसलेल्या माणसाला रिंगा करताना एक सवय बाजूला ठेवावी लागते. खेकडा भजी करताना आपण उभा पातळ चिरलेला कांदा मीठ लावून ठेवतो. मिठाने कांद्याला पाणी सुटतं आणि त्याच पाण्यात बेसन भिजतं. वरून पाणी घालावं लागत नाही. भज्यात ते पाणी आपल्याला हवं असतं, आणि कांद्याचे पातळ काप कडेने उघडे राहत असल्यामुळे वाफ चहूकडून निघून जाते.

रिंगेचं गणित याच्या उलट आहे. इथे कांद्याची जाड कडी पिठाच्या कवचात चहूबाजूंनी बंद असते. आत पाणी जितकं मोकळं, तितकं कवच आतून ओलं. म्हणून रिंगेच्या कांद्याला मीठ लावू नका. मीठ पिठात घाला आणि तळून झाल्यावर वरून भुरभुरा. या लेखातली एकच गोष्ट लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवा.

कांदा कोणता

मोठा, गोल, घट्ट आणि पूर्ण वाळलेला कांदा घ्या. साधारण १५० ग्रॅमचा, मुठीत भरून वर थोडा उरेल असा. गोल्टी स्वस्त मिळते, पण तिच्या रिंगा बोटात अडकतील इतक्याच होतात; ती फोडणीला ठेवा. मानेशी दाबून पाहा. मान बारीक आणि कोरडी असेल तर कांदा नीट सुकलेला आहे. मान जाड आणि मऊ लागली तर आत पाणी जास्त आहे किंवा सड सुरू झाली आहे. वरच्या पत्तीखाली काजळी धरलेली असेल तर तो कांदा या कामाचा नाही.

जोडकांदा आणि डेंगळा आलेला कांदाही टाळा. जोडकांदा आडवा कापला की आत दोन डोळे दिसतात, सलग कडी निघत नाही. डेंगळ्याच्या मधोमध फुलाच्या दांड्याची कडक नळी असते आणि तिच्याभोवतीचे थर चिवट झालेले असतात.

हंगामाचाही फरक पडतो. दिवाळीच्या आगेमागे येणारा पावसाळी कांदा रसाळ आणि तिखट असतो, टिकतही नाही. जानेवारी ते मार्चमधला रांगडा कांदा मधला. एप्रिल-मेमध्ये काढून चाळीत ठेवलेला उन्हाळी कांदा रिंगेला सगळ्यात चांगला, कारण त्यातलं पाणी साठवणुकीत थोडं कमी झालेलं असतं आणि थर घट्ट असतात. राजगुरुनगरच्या कांदा व लसूण संशोधन संचालनालयाने काढलेली भीमा शक्ती किंवा भीमा किरण, नाहीतर आपल्याकडे रुळलेली एन-२-४-१, यांपैकी काही शेतात लावलेलं असेल तर घरच्याच चाळीतले मोठे, गोल कांदे निवडून बाजूला काढा. पावसाळी कांदाच हाताशी असेल तरी रिंगा होतात. कोरडं करण्याच्या टप्प्याला मात्र जास्त वेळ द्यावा लागतो.

चिरणं आणि पापुद्रा काढणं

कांदा सोलून शेंडा-बूड कापून टाका आणि आडवा चिरा. उभा चिरला तर पाकळ्या निघतील. चकतीची जाडी ८ ते १० मिलिमीटर, म्हणजे करंगळीपेक्षा थोडी कमी. पातळ चकती तळताना विरघळल्यासारखी होते आणि हातात नुसतं कवच उरतं. फार जाड घेतली तर कवच तांबूस झालं तरी कांदा आत करकरीत कच्चा राहतो. सगळ्या चकत्या एकसारख्या जाडीच्या असू द्या, म्हणजे एका घाण्यातल्या रिंगा एकदमच तयार होतात. सुरी धारदार हवी. बोथट सुरीने थर चेंगरतात, पाणी सुटतं आणि डोळ्यांनाही जास्त झोंबतं. कांदा अर्धा तास फ्रीजमध्ये किंवा माठाजवळच्या गारव्यात ठेवून चिरला तर डोळ्यांना त्रास कमी होतो.

आता चकतीच्या मध्यावर अंगठ्याने हलकं दाबा. कड्या एकातून एक सुटतात. बाहेरच्या दोन-तीन मोठ्या कड्या घ्या, आतला बारीक गाभा वाटीत काढून ठेवा.

यानंतरचं काम बहुतेक कृतींत सांगितलेलं नसतं आणि कवच गळून पडण्याचं मोठं कारण तिथेच असतं. प्रत्येक कडीच्या आतल्या बाजूला एक अगदी पातळ, पारदर्शक, गुळगुळीत पापुद्रा असतो. उजेडाकडे धरून कडी फिरवली की तो चमकताना दिसतो. नखाच्या टोकाने कडेला उचला आणि ओढा. बऱ्याचदा तो अख्खा, ओल्या चिकट पट्टीसारखा सुटून येतो. तो तसाच राहिला तर पीठ त्या गुळगुळीत पापुद्र्याला चिकटतं, तळताना पापुद्रा आकसून कांद्यापासून सुटतो, आणि पहिल्याच घासाला कांदा दोऱ्यासारखा बाहेर ओढला जाऊन रिकामं कवच हातात राहतं. सगळे पापुद्रे निघणार नाहीत. जे सहज निघतील ते काढा. तीन कांद्यांना दहा-बारा मिनिटं लागतात आणि त्या वेळेचं पूर्ण चीज होतं.

ताकात भिजवा, मग कोरडं करा

परदेशी कृतींतल्या बटरमिल्कच्या जागी घरचं आंबट ताक चालतं. एका मोठ्या भांड्यात कड्या बुडतील इतकं पातळ ताक घ्या आणि त्यात त्या २० ते ३० मिनिटं ठेवा. कांद्याचा उग्रपणा कमी होतो आणि कडीवर एक बारीक ओलसर थर बसतो, ज्याला कोरडं पीठ धरतं. ताक बिनमिठाचं हवं. मीठ-जिरं घातलेलं ताक वापरलं तर कांद्याला पाणी सुटेल आणि वर सांगितलेला सगळा खटाटोप वाया जाईल. ताक नसेल तर गार पाण्यात भिजवा. उग्रपणा त्यानेही उतरतो.

भिजवलेल्या कड्या चाळणीत दहा मिनिटं निथळू द्या. मग स्वच्छ सुती कापडावर पसरून वरून दुसऱ्या कापडाने टिपा. ओघळणारा थेंब एकही राहू नये. हात लावला तर ओलसर लागावं, बोट ओलं होऊ नये, इतपत कोरडं पुरे.

साहित्य, चौघांसाठी

मोठे कांदे ३ (सुमारे ४५० ग्रॅम), मैदा १०० ग्रॅम, तांदळाचं पीठ ५० ग्रॅम, कॉर्नफ्लोअर ३० ग्रॅम, बेकिंग पावडर १ छोटा चमचा, मीठ १ छोटा चमचा, लाल तिखट १ छोटा चमचा, हळद चिमूटभर, हातावर चोळलेला ओवा अर्धा छोटा चमचा, थंडगार पाणी किंवा साधा सोडा २०० ते २३० मिलिलिटर, वरून लावायला टोस्टचा किंवा ज्वारीच्या लाह्यांचा भरड चुरा १०० ते १२० ग्रॅम, तळायला तेल पाऊण ते एक लिटर.

पीठ भिजवताना

आधी सगळी कोरडी पिठं, मीठ-मसाल्यासकट, एकत्र चाळून घ्या. त्यातले तीन मोठे चमचे कोरडं मिश्रण वेगळ्या ताटलीत काढा. कड्या भिजवलेल्या पिठात घालण्याआधी या कोरड्या पिठात घोळवायच्या आहेत. कांद्यावरचा उरलासुरला ओलावा हे पीठ शोषून घेतं आणि पुढच्या थराला धरायला जागा मिळते. हा टप्पा गाळलात तर पीठ कडीवरून घरंगळतं.

प्रत्येक पिठाचं काम वेगळं आहे. मैद्यातल्या चिकट प्रथिनांमुळे कवच एकसंध राहतं, पण तीच प्रथिनं जास्त झाली तर कवच चिवट होतं. तांदळाच्या पिठात आणि कॉर्नफ्लोअरमध्ये ती चिकट प्रथिनं नसतात; त्यांचा स्टार्च तेलात कोरडा पडून कडक होतो. मैद्यात या दोघांची भर घातल्यामुळे बांधणीही राहते आणि कुरकुरीतपणाही येतो. नुसत्या बेसनाचं कवच छान लागतं, पण ते लवकर तांबूस होतं आणि चव भज्यांकडे झुकते.

पाणी फ्रीजमधलं थंडगार घ्या. गार पाण्यात मैद्याचा चिकटपणा सावकाश वाढतो, आणि गार पीठ गरम तेलात पडलं की वाफ जोरात उसळून कवच हलकं, जाळीदार होतं. दुकानातला साधा सोडा वापरला तर त्यातले बुडबुडे याच कामाला येतात. परदेशात बियर घालतात तीही त्याचसाठी. भज्यांच्या पिठात आपण कडकडीत तेलाचं मोहन घालतो, ते इथे नको. पीठ गारच राहिलं पाहिजे.

पाणी एकदम ओतू नका. आधी २०० मिलिलिटर घालून रवीने किंवा काट्याने जेमतेम हलवा. बारीक गुठळ्या राहिल्या तरी चालतील. त्या मोडण्याच्या नादात पीठ फेटत बसलात तर चिवट होईल. पळी बुडवून वर काढली की तिच्यावर पातळ, सलग थर राहावा आणि जादाचं पीठ धारेने खाली पडावं. भज्यांच्या पिठापेक्षा सैल आणि धिरड्याच्या पिठापेक्षा थोडं घट्ट, असा अंदाज ठेवा. हे पीठ तेल तापायला ठेवल्यावरच भिजवा.

हळदीबद्दल थोडं. वसमतच्या हळदीला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. रंगाला पक्की हळद घरात असेल तर चिमूट म्हणजे खरोखरच चिमूट घाला. हळद जास्त झाली तर कवच सुरुवातीपासूनच पिवळंजर्द दिसतं आणि तळलं गेलंय की नाही याचा अंदाज चुकतो. बेकिंग पावडर नसेल तर खायचा सोडा दोन चिमटींपेक्षा जास्त घालू नका. सोड्याच्या अल्कलीने हळद लालसर होते, म्हणून तळलेल्या कवचावर तांबडे ठिपके दिसले तर सोडा जास्त पडला असं समजा. जादा सोड्याने कवच तेलही पितं आणि चव साबणासारखी लागते.

ज्वारीच्या पिठाची रिंग

मैदा नको असेल, किंवा घरात कुणाला गहू चालत नसेल, तर ज्वारीच्या पिठाच्या रिंगा करा. प्रमाण असं: ज्वारीचं पीठ १०० ग्रॅम, तांदळाचं पीठ ४० ग्रॅम, कॉर्नफ्लोअर ४० ग्रॅम, बेसन २ मोठे चमचे. ज्वारीत गव्हासारखा चिकटपणा नसल्यामुळे बांधणीसाठी बेसन लागतं. पीठ बारीक चाळणीने चाळा. कोंड्याचे कण राहिले तर कवच खरबरीत लागतं. शाळू ज्वारी, मग ती मालदांडी असो की परभणीच्या कृषी विद्यापीठाची परभणी मोती, चवीला गोडसर असते आणि रिंगेला शोभते. भाकरीसाठी पिठाला विरी, म्हणजे चिकटपणा, लागते. विरी कमी झालेलं, भाकरी चिरते म्हणून बाजूला ठेवलेलं पीठही रिंगेला चालतं. फक्त ते कडसर झालेलं नाही ना, हे चाखून बघा.

मैद्याचं पीठ लगेच वापरायचं असतं. ज्वारीचं मात्र भिजवून दहा मिनिटं ठेवा, कारण ते पाणी हळूहळू पितं. दहा मिनिटांनी घट्ट वाटलं तर चमचा-चमचा गार पाणी घालून सैल करा. ज्वारीच्या रिंगेचा रंग मैद्यापेक्षा फिका राहतो आणि चावताना ती जास्त कडक लागते. गव्हाचं पथ्य कडक असेल तर बाहेरचा चुराही लाह्यांचा घ्या, टोस्टचा नको. कढई, तेल आणि चाळणीही गव्हाच्या पिठाला न लागलेली वापरा.

बाहेरचा चुरा

नुसत्या पिठाची रिंग हलकी होते, चुरा लावलेली जास्त वेळ कुरकुरीत राहते. चुऱ्यामुळे पृष्ठभाग उंचसखल होतो, तेलाला भिडणारी जागा वाढते आणि कोरडे टोकदार कण आधी कडक होतात. किराणा दुकानातला साधा, बिनगोडाचा टोस्ट लाटण्याने भरडून घ्या. मिक्सरमध्ये पीठ होऊ देऊ नका. रव्यापेक्षा जाड कण हवेत. ज्वारीच्या लाह्या घरात असतील तर त्या हाताने चुरा, चाळून बारीक भुकटी काढून टाका आणि वरचा भरड भाग वापरा. लाह्या आधीच फुललेल्या आणि कोरड्या असल्यामुळे तेलात घटकाभरात कडक होतात. पातळ पोहे किंचित भाजून चुरून घेतले तरी चालतात.

चुरा लावताना एक हात ओल्यासाठी आणि एक कोरड्यासाठी ठेवा. कोरड्या हाताने कडी पिठात घोळवून झटका. ओल्या हाताने ती भिजवलेल्या पिठात बुडवा, काट्यावर उचला आणि जादाचं पीठ गळेपर्यंत थांबा. मग चुऱ्यात ठेवून कोरड्या हाताने वरून चुरा टाका आणि हलकेच दाबा. तयार रिंगा एकमेकींवर न रचता ताटात सुट्या ठेवा. पाच मिनिटं तशाच राहिल्या तर थर नीट बसतो.

तेल आणि आच

रिफाइंड शेंगदाणा, सोयाबीन किंवा करडई, कोणतंही तेल चालेल. मराठवाड्यात करडईची गोडी जुनी आहे. पण घाण्याच्या कच्च्या करडई तेलाला लवकर धूर सुटतो. ते चटणी-भाकरीवर घ्या, तळायला रिफाइंड वापरा. रुंद कढईत थोडं तेल पसरण्यापेक्षा लहान, खोल आणि जाड बुडाच्या कढईत किमान ५ सेंटिमीटर तेल असू द्या. लोखंडी कढई असेल तर फारच छान, ती उष्णता धरून ठेवते.

तेल १७५ ते १८० अंश सेल्सिअस हवं. थर्मामीटर नसेल तर पिठाचा एक थेंब टाका. थेंब किंचित बुडून लगेच बुडबुडे काढत वर आला आणि सावकाश रंग धरू लागला तर तेल तयार आहे. तळाशीच बसून राहिला तर तेल गार आहे. पडताक्षणी तांबूस झाला तर गॅस कमी करून मिनिटभर थांबा.

पहिली रिंग एकटीच तळा आणि खाऊन पाहा. मीठ, पिठाचा सैलपणा, आच, सगळं त्या एका रिंगेत कळतं आणि दुरुस्त करायला वेळ असतो. मग एका वेळी चार किंवा पाच सोडा. जास्त घातल्या तर तेल एकदम गार होतं, वाफ मंदावते आणि कवच तेल प्यायला लागतं. प्रत्येक रिंग तेलाच्या जवळ नेऊन, स्वतःपासून दूर सोडा. साधारण अडीच ते तीन मिनिटं, मध्ये एकदा उलटून.

तळताना कान द्या. रिंग पडल्यावर तेल जोरात तडतडतं आणि तिच्याभोवती मोठे बुडबुडे दाटीने येतात. ती पाण्याची वाफ बाहेर पडतेय. दोनेक मिनिटांत आवाज खाली येतो, बुडबुडे बारीक आणि विरळ होतात. पाणी बरंचसं निघून गेलं, याची ती खूण. रंग सोनेरी झाला आणि आवाज मात्र जोरातच असला, तर आच मोठी आहे. कवच आधी करपेल आणि आत ओल राहील. गॅस किंचित कमी करा. दोन घाण्यांच्या मध्ये तेलात पडलेले चुऱ्याचे कण झाऱ्याने काढत राहा, नाहीतर ते जळून पुढच्या रिंगांना कडवट चव देतात.

उकळतं तेल कधी पेटलंच तर पाणी अजिबात टाकू नका. गॅस बंद करा, कढईवर घट्ट बसणारं झाकण सरकवा आणि ती हलवू नका.

काढल्यानंतरची दोन मिनिटं

रिंग तेलात असेपर्यंत बाहेर येणारी वाफ तेलाला आत शिरू देत नाही. रिंग बाहेर काढली की ती गार होऊ लागते, आतली वाफ आकसते आणि पृष्ठभागावर राहिलेलं तेल आत ओढलं जातं. तळणीत शोषलं जाणारं बरंचसं तेल असं, बाहेर काढल्यावर आत जातं. म्हणून रिंग झाऱ्यावर घेऊन कढईवरच दोन-तीनदा झटका आणि मग जाळीवर ठेवा. कागदावर ढीग घातला तर खालच्या रिंगांची वाफ वरच्यांना मऊ करते. जाळी नसेल तर मोठी चाळणी पालथी घाला. वर्तमानपत्राच्या कागदावर तळण ठेवण्याची सवय सोडून द्या. छपाईची शाई अन्नात उतरते, आणि अन्न वर्तमानपत्रात ठेवू नये, गुंडाळू नये, असं एफएसएसएआय म्हणजे भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने बजावलेलं आहे.

मीठ आणि मसाला याच वेळी, रिंग गरम असताना भुरभुरा. झाकण ठेवू नका, डब्यात भरू नका. स्टीलच्या डब्यात दहा मिनिटं ठेवलेली कुठलीही रिंग मऊच होणार.

बिघडलं तर कुठे पाहायचं

कवच सुटून पडलं: पापुद्रा राहिला, कांदा ओला राहिला किंवा कोरड्या पिठात घोळवायचं विसरलं. तिन्ही तपासा.

तेलकट झाली: तेल गार होतं किंवा एका घाण्यात जास्त रिंगा पडल्या. पीठ फार सैल असलं तरीही असंच होतं.

बाहेर तांबूस, आत कच्ची: आच मोठी आहे किंवा कडी जाड आहे.

कवच चिवट: पीठ फार फेटलं, किंवा भिजवून बराच वेळ ठेवलं. कॉर्नफ्लोअर एक चमचा वाढवून, थोडं गार पाणी घालून पुन्हा जेमतेम हलवा.

काढल्यावर लगेच मऊ: हवा दमट असताना हे फार होतं. पावसाळ्यात पिठं आणि चुरा ओल धरतात. चुरा मंद आचेवर दोन मिनिटं परतून पूर्ण गार करून घ्या आणि रिंगा नेहमीपेक्षा अर्धा मिनिट जास्त तळा.

सोबत काय

ओली चटणी वरून घालू नका, बाजूला वाटीत द्या. ठेचा घट्ट दह्यात कालवला की झणझणीत आणि गार असं छान तोंडीलावणं होतं. त्याहून रिंगेला मानवते ती कोरडी चटणी. कारळाची, जवसाची किंवा लसूण घातलेली शेंगदाण्याची चटणी गरम रिंगांवर भुरभुरली तर चवही चढते आणि कवच कोरडंच राहतं.

आतला बारीक कांदा आणि उरलेलं पीठ फेकू नका. त्या गाभ्याला मीठ लावून, थोडं बेसन टाकून त्याच तेलात खेकडा भजी काढा. इथे पाणी सुटलेलं आपल्याला हवंच आहे. उरलेल्या पातळ पिठात मिरच्या बुडवून तळता येतात.

तेल गार झाल्यावर कापडातून गाळून घ्या आणि पुढच्या काही दिवसांत फोडणीला वापरून टाका. पुन्हा-पुन्हा तापवलेल्या तेलात अपायकारक पोलर संयुगं साठतात. तळणीच्या तेलात त्यांचं प्रमाण २५ टक्क्यांवर गेलं की ते तेल वापरू नये, असा एफएसएसएआयचा नियम १ जुलै २०१८ पासून लागू आहे. घरी ते मोजता येत नाही. तेल काळपट, दाट झालं, फेस धरू लागलं किंवा लवकर धुरावलं, की ते टाकायच्या लायकीचं झालं. तसं तेल मोरीत ओतू नका. बाटलीत भरून वेगळं ठेवा.

पाहुणे येणार असतील तर

रिंग वाट पाहत नाही, त्यामुळे कामाची आखणी आधी करा. दुपारी कांदा चिरून, पापुद्रे काढून, झाकून ठेवा. ताक ऐन वेळच्या तासभर आधी. चुरा आणि कोरडी पिठं मिसळून डब्यात तयार असू द्या. माणसं जास्त असतील तर दोनदा तळा. पहिल्यांदा १६० अंशांच्या आसपास दीड मिनिट, फिकट रंगावर काढून जाळीवर पसरा. वाढायच्या वेळी तेल १९० अंशांपर्यंत कडक करून पाऊण मिनिट पुन्हा सोडा. पहिल्या तळणीत कांदा शिजतो आणि पाणी निघतं. मधल्या वेळात आतली उरलेली ओल कवचाकडे सरकते, आणि दुसरी तळण तिला बाहेर काढते. अशी दोनदा तळलेली रिंग एकदा तळलेल्या रिंगेपेक्षा जास्त वेळ टिकते.

तरीही उत्तम रिंग ती, जी कढईतून जाळीवर आणि जाळीवरून थेट ताटात जाते. पंगत बसवून सगळ्यांना एकदम वाढण्यापेक्षा घाणा निघेल तशी ताटली फिरवा, आणि तळणाऱ्या माणसाची पाळी बदलत राहा, म्हणजे दिवसभर राबलेल्या त्या माणसालाही गरम, कुरकुरीत रिंग मिळेल.